खिळा बैल उचलील काय? : विद्युच्चुंबकाचे प्रयोग आणि ऊर्जेचा जमाखर्च



सातव्या इयत्तेच्या एका वर्गात विद्युच्चुंबकाचा पाठ चालला होता. शिक्षकांनी लोखंडी खिळ्याभोवती तार गुंडाळली, तारेची दोन टोके विजेरीच्या सेलला लावली आणि खिळा टाचण्यांच्या ढिगात बुडवून वर उचलला. खिळ्याला टाचण्यांचा झुबका लोंबकळू लागला. तारेचे एक टोक सोडताच तो झुबका खळकन खाली पडला. मुलांनी टाळ्या पिटल्या. “काय पाहिलेत?” असे विचारताच पुढच्या रांगेतून उत्तर आले, “जादू!” मागच्या बाकावरून मात्र एक प्रश्न आला : “गुरुजी, हीच तार घरच्या बोर्डात घातली तर खिळा बैल उचलील का?” वर्ग हसला, शिक्षकही हसले आणि तेवढ्यात घंटा झाली.

त्या प्रश्नात हसण्यासारखे काही नव्हते. त्यात दोन गोष्टी एकत्र आल्या होत्या. एक, कारण वाढविले तर परिणामही वाढेल का, ही खरी शास्त्रीय जिज्ञासा. दुसरी, त्याच संध्याकाळी घरच्या बोर्डापाशी होऊ शकणारा प्राणघातक अपघात. प्रयोग वर्गात संपत नाही. तो मुलाबरोबर घरी जातो. म्हणून चित्तवेधक प्रयोग दाखविणाऱ्या शिक्षकावर दुहेरी जबाबदारी असते. जे नवल दाखविले त्यामागचा नियम मुलांच्या हाती द्यावयाचा, आणि तो नियम पडताळून पाहण्याचा सुरक्षित मार्गही दाखवून द्यावयाचा. या दृष्टीने विद्युत् आणि चुंबक या विषयातील चार प्रयोग पुढे दिले आहेत. त्यांना लागणारे साहित्य गावात किंवा तालुक्याच्या बाजारात सहज मिळते.

प्रयोगामागील तीन प्रश्न

प्रत्येक प्रयोगापूर्वी फळ्यावर तीन प्रश्न लिहून ठेवावेत आणि प्रयोगानंतर त्यांची उत्तरे मुलांकडूनच काढून घ्यावीत.

(१) काय बदलले?
(२) ते कशामुळे बदलले?
(३) त्यासाठी लागलेली ऊर्जा कोठून आली आणि शेवटी कोठे गेली?

पहिल्या दोन प्रश्नांची सवय बहुतेक शिक्षकांना असते. तिसरा प्रश्न मात्र बहुधा राहून जातो, आणि खरे पाहता जादू व शास्त्र यांतील भेद तोच प्रश्न दाखवून देतो. दुकानदाराच्या कीर्दवहीत जमेची बाजू असल्याशिवाय खर्चाची बाजू असत नाही. निसर्गाची वहीही तशीच आहे. दिवा लागला, सुई वळली, टाचणी उचलली गेली, की तेवढी ऊर्जा कोणत्या तरी दुसऱ्या खात्यातून वजा झालीच पाहिजे.

प्रयोग पहिला : सुई का वळली?

साहित्य : शिवणाची मोठी सुई, एक चुंबक, थर्मोकोलची चकती, पितळेची परात किंवा प्लॅस्टिकचे तसराळे, अर्धा मीटर तांब्याची तार, विजेरीचा एक सेल.

कृती : चुंबकाचे एकच टोक सुईवरून एकाच दिशेने तीस-चाळीस वेळा फिरवावे, प्रत्येक वेळी चुंबक उचलून पुन्हा आरंभीच्या टोकाशी आणावा. सुई चकतीवर ठेवून परातीतील पाण्यावर तरंगू द्यावी. ती हळूहळू फिरून दक्षिणोत्तर स्थिर होते. आता तार सुईच्या अगदी वर, सुईला समांतर अशी ताणून धरावी आणि तिची टोके सेलला क्षणभरच लावावीत. सुई एकदम बाजूला वळते. सेलची टोके उलट करून पाहावीत. सुई विरुद्ध दिशेला वळते. तार सुईच्या वर धरण्याऐवजी खालून नेली तरी वळण्याची दिशा बदलते.

तार थेट सेलला जोडलेली असल्यामुळे ती दोन-तीन सेकंदांपेक्षा अधिक वेळ जोडून ठेवू नये. सेल व तार दोन्ही तापतात.

हा प्रयोग साधा दिसला तरी त्याने एका नव्या शास्त्राचे दार उघडले. १८२० साली कोपनहेगन येथील प्राध्यापक हान्स ख्रिश्चन ओर्स्टेड यांना व्याख्यानाच्या वेळी असे दिसून आले की, तारेतून विद्युत्प्रवाह जाऊ लागताच जवळची चुंबकसूची हलते. विद्युत् आणि चुंबकत्व यांचा संबंध असावा असा त्यांचा पूर्वीपासून तर्क होता. तो संबंध प्रत्यक्ष दाखविणारा पुरावा मिळाला तो असा, विद्यार्थ्यांच्या समोर. त्याच वर्षी जुलै महिन्यात त्यांनी आपले निष्कर्ष प्रसिद्ध केले. शोध शिकविता शिकविताही लागू शकतो, हे मुलांना अवश्य सांगावे.

मुलांना येथे आणखी एक गोष्ट करून पाहू द्यावी. तार दक्षिणोत्तर न धरता पूर्व-पश्चिम धरली, तर सुई पुष्कळदा जागची हलत नाही. हलली तर पूर्ण उलटी होते. याचा अर्थ तारेचा परिणाम तारेच्या आडव्या दिशेने होतो. फक्त एका स्थितीत प्रयोग करून “परिणाम नाही” असे ठरविणे किती घाईचे ठरते, ते यावरून कळते.

प्रयोग दुसरा : खिळ्याचे बळ कशात आहे?

साहित्य : सुमारे दहा सेंटिमीटर लांबीचा लोखंडी खिळा, एनॅमलचा लेप असलेली बारीक तांब्याची तार तीन मीटर, विजेरीचा मोठा सेल, टाचण्या, काचकागद. अशी तार शेतपंपाच्या मोटारी भरून देणाऱ्याकडे मिळते. त्याच्याकडील उरलेले तुकडेही पुरतात.

कृती : तारेच्या दोन्ही टोकांवरील लेप काचकागदाने घासून काढावा. हे विसरले तर प्रयोग फसतो, आणि बहुतेक वर्गांत तो याच कारणाने फसतो. प्रथम खिळ्यावर २५ वेढे घालावेत. उरलेली तार कापू नये. ती तशीच मोकळी ठेवावी. त्यामुळे तारेची लांबी तीच राहते, प्रवाहही जवळजवळ तोच राहतो आणि बदलते ती फक्त वेढ्यांची संख्या. टोके सेलला लावून किती टाचण्या उचलल्या जातात ते मोजावे. मग वेढे ५० आणि पुढे १०० करून पुन्हा मोजावे. प्रत्येक मोजणी तीनदा करून सरासरी काढावी व फळ्यावर कोष्टक मांडावे. मधल्या काळात सेलला विश्रांती द्यावी, कारण थकलेला सेल खोटी साक्ष देतो.

प्रवाह बंद केल्यावरही एखाददुसरी टाचणी खिळ्याला चिकटून राहिली तर प्रयोग चुकला असे समजू नये. खिळ्यात थोडे चुंबकत्व मागे राहते. लोखंड जितके मऊ, तितके हे शिल्लक चुंबकत्व कमी.

इतिहास सांगताना येथे दोन नावे घ्यावीत. १८२५ साली इंग्लंडमधील विल्यम स्टर्जन यांनी नालाच्या आकाराच्या लोखंडावर तारेचे अठरा वेढे घालून पहिला विद्युच्चुंबक केला. लोखंडाचे वजन सुमारे दोनशे ग्रॅम होते. त्याने सुमारे चार किलो वजन उचलून धरले. स्टर्जन यांची तार उघडी होती. वेढे एकमेकांना टेकू नयेत म्हणून ते दूरदूर घालावे लागत. अमेरिकेतील ऑल्बनी येथील एका विद्यालयात शिक्षक असलेल्या जोसेफ हेन्री यांनी तारेवरच रेशमाचे आवरण चढविले. त्यामुळे वेढे अगदी जवळजवळ आणि थरांवर थर असे घालता आले. १८३१ साली त्यांनी येल येथील महाविद्यालयासाठी केलेल्या विद्युच्चुंबकाने दोन हजार पौंडांहून अधिक, म्हणजे नऊशे किलोंहून अधिक वजन तोलून धरले. एका दांडग्या बैलजोडीचे वजन साधारण इतकेच भरेल!

मागच्या बाकावरील मुलाच्या प्रश्नाचा पहिला भाग येथे सुटतो. होय, विद्युच्चुंबक बैल उचलू शकतो. परंतु हेन्री यांनी ते सामर्थ्य मिळविले ते जस्त व तांब्याचे पत्रे आणि सौम्य आम्ल यांच्या साध्या बॅटरीवर. बळ होते ते वेढ्यांत, तारेच्या आवरणात आणि लोखंडाच्या जाड नालात. शिवाय लोखंडाची चुंबक होण्याचीही एक मर्यादा असते. ती गाठल्यावर प्रवाह कितीही वाढविला तरी बारीक खिळ्याचे बळ फारसे वाढत नाही. तार मात्र अधिकाधिक तापत जाते.

आता तिसरा प्रश्न विचारावा : सेलमधील ऊर्जा कोठे गेली? मुले म्हणतील, “टाचण्या उचलण्यात.” हिशेब करून पाहावा. वीस टाचण्यांचे वजन सुमारे दोन ग्रॅम धरले आणि त्या दोन सेंटिमीटर उचलल्या, तर त्या कामाला एका जूलचा हजारावा भागही लागत नाही. उलट सेल एका सेकंदाला दोन-तीन जूल ऊर्जा खर्च करीत असतो. बाकीची ऊर्जा कोठे गेली याचे उत्तर तारेला हलकेच बोट लावले की मिळते : तार कोमट झालेली असते. टाचण्या नुसत्या धरून ठेवण्यासाठी कार्य होत नाही. त्या काळात सेलची जवळजवळ सारी ऊर्जा उष्णतेच्या खात्यावर जाते. डोळ्यांना टाचण्या दिसतात, पण वहीतील मोठी रक्कम उष्णतेची असते.

प्रयोग तिसरा : नळीतून उतरणारे चुंबक

आतापर्यंत विजेपासून चुंबकत्व मिळविले. मग चुंबकापासून वीज मिळेल काय? हा प्रश्न लंडन येथील मायकेल फॅरडे यांनी अनेक वर्षे उराशी बाळगला होता. लोहाराचा हा मुलगा लहानपणी पुस्तकबांधणीच्या दुकानात उमेदवारी करीत असे, आणि बांधावयास आलेली पुस्तके वाचूनच त्याला शास्त्राची गोडी लागली. १८३१ च्या ऑगस्ट महिन्यात त्यांना पहिले यश आले. त्याच वर्षी १७ ऑक्टोबर रोजी त्यांनी तारेच्या पोकळ वेटोळ्यात चुंबक आत-बाहेर हलवून प्रवाह उत्पन्न केला. मर्म हे की, चुंबक नुसता ठेवून भागत नाही; तो हलला पाहिजे.

साहित्य : सुमारे एक मीटर लांबीची तांब्याची किंवा ॲल्युमिनियमची जाड नळी, तेवढ्याच लांबीची व पोकळीची प्लॅस्टिकची नळी, नळीत सैलसर बसेल असे एक शक्तिमान निओडिमियम चुंबक, त्याच आकाराचा लोखंडी तुकडा, खाली अंथरण्यास घडी घातलेले कापड. तांब्याची नळी फ्रिज दुरुस्त करणाऱ्याकडे मिळू शकते.

कृती : प्रथम चुंबक नळीला बाहेरून लावून दाखवावे. ते चिकटत नाही. तांबे व ॲल्युमिनियम चुंबकाकडे ओढले जात नाहीत, हे सर्वांना पटू द्यावे. नंतर लोखंडी तुकडा नळीतून सोडावा. तो तत्काळ खाली येतो. एक मीटर पडण्यास अर्ध्या सेकंदाहूनही कमी वेळ लागतो. चुंबक प्लॅस्टिकच्या नळीतून सोडावे. तेही तत्काळ पडते. शेवटी चुंबक धातूच्या नळीतून सोडावे आणि मुलांना मोठ्याने आकडे मोजावयास सांगावे. चुंबक जणू मधातून उतरावे तसे सावकाश उतरते. वरून डोकावणाऱ्या मुलाला ते नळीच्या भिंतीला न चिकटता संथपणे खाली जाताना दिसते.

या वेळी वर्ग अगदी शांत होतो, असा अनुभव आहे. ती शांतता वाया जाऊ देऊ नये. लगेच स्पष्टीकरण न देता मुलांना तर्क करू द्यावा. “नळीत हवा अडते,” असे कोणी म्हणेल. मग प्लॅस्टिकच्या नळीत का अडली नाही? “चुंबक चिकटते,” असे दुसरा म्हणेल. पण बाहेरून तर ते चिकटले नव्हते. आधी केलेल्या दोन चाचण्यांचा उपयोग हाच : चुकीची उत्तरे शिक्षकाने नाकारावी लागत नाहीत, प्रयोगच ती नाकारतो.

स्पष्टीकरण असे. चुंबक खाली सरकत असता नळीच्या धातूत भोवऱ्यासारखे फिरणारे विद्युत्प्रवाह निर्माण होतात. प्रवाह आला की त्याच्याभोवती चुंबकत्व आलेच. ते आपण पहिल्या प्रयोगात पाहिले आहे. हे नवे चुंबकत्व पडणाऱ्या चुंबकाला विरोध करते : त्याच्या खालचा नळीचा भाग त्याला वर लोटतो आणि वरचा भाग त्याला मागे ओढतो. असा प्रवाह आपल्याला जन्म देणाऱ्या हालचालीला नेहमी विरोधच करतो, हा नियम हाइन्रिख लेंझ यांनी १८३४ साली मांडला.

हा नियम असा का, हे ऊर्जेच्या वहीवरून समजते. समजा, निर्माण झालेल्या प्रवाहाने विरोधाऐवजी साहाय्य केले असते. तर चुंबक अधिकाधिक वेगाने पडले असते, त्यामुळे प्रवाह आणखी वाढला असता आणि ऊर्जा काहीही न देता वाढतच गेली असती. जमेशिवाय खर्च निघाला असता! निसर्ग तसे होऊ देत नाही.

आता हिशेब. वीस ग्रॅमचे चुंबक एक मीटर खाली आले म्हणजे उंचीमुळे त्याच्याजवळ असलेली सुमारे ०.२ जूल ऊर्जा खर्च झाली. वेग तर फारसा वाढला नाही. मग ती ऊर्जा गेली कोठे? नळीतील प्रवाहांवाटे ती उष्णतेत गेली. परंतु नळी तापलेली हाताला कळेल असे मुलांना सांगू नये. तीनशे ग्रॅम तांब्याच्या नळीचे तापमान त्या ऊर्जेने एका अंशाच्या पाचशेव्या भागानेसुद्धा वाढत नाही. जे दिसत नाही ते दिसते असे म्हणावयास लावणे हा शास्त्राच्या तासाला लागणारा सर्वांत मोठा बट्टा होय.

प्रयोग चौथा : दिवा लागला की चाक जड का होते?

चारही प्रयोगांत हा सर्वांत महत्त्वाचा आहे. वेळ थोडा असेल तर हाच करावा.

साहित्य : सायकल, टायरला टेकणारा जुन्या पद्धतीचा डायनॅमो, त्याचा दिवा, जोडतार. असे डायनॅमो आता विरळ झाले असले तरी सायकल दुरुस्तीच्या जुन्या दुकानांत सापडतात.

कृती : सायकल सीट व हँडलवर उलटी उभी करावी. डायनॅमो टायरला टेकवून ठेवावा. दिव्याची तार मात्र प्रथम सुटी ठेवावी. एका मुलाने चाकाला जोराने गती द्यावी आणि इतरांनी चाक थांबेपर्यंत सेकंद मोजावेत. नंतर दिवा जोडून तेच पुन्हा करावे. प्रत्येक प्रकार तीनदा करावा. दोन्ही वेळा डायनॅमो टायरला टेकलेलाच असावा. नाहीतर घर्षणातील फरक आणि दिव्यातील फरक यांची सरमिसळ होईल. दिवा जोडलेला असताना चाक लवकर थांबते. यानंतर एकेका मुलाला हाताने पॅडल फिरवू द्यावे आणि फिरविणे चालू असतानाच दिव्याची तार जोडावी व सोडावी. दिवा लागताच पॅडल जड लागते. तार सुटताच हलके होते. ज्याने हे स्वतःच्या हाताने अनुभवले, तो ऊर्जेच्या रूपांतराचा पाठ जन्मभर विसरत नाही.

आरे, साखळी व दाते यांपासून बोटे, वेण्या आणि ओढण्या दूर राहतील अशी दक्षता घ्यावी.

डायनॅमोच्या आत एक चुंबक फिरते आणि त्याच्या बाजूला तारेचे स्थिर वेटोळे असते. म्हणजे फॅरडे यांचाच प्रयोग, फक्त चाकावर चढविलेला. दिवा जोडला नाही तर वेटोळ्यातून प्रवाह वाहत नाही, म्हणून विरोधही नाही. दिवा जोडला की प्रवाह सुरू होतो आणि लेंझ यांच्या नियमाप्रमाणे तो फिरणाऱ्या चुंबकाला अडवू लागतो. तो अडथळा ओलांडण्यासाठी हाताला जे अधिक कष्ट पडतात, तेच दिव्यात प्रकाश व उष्णता होऊन बाहेर पडतात. हाताला ही शक्ती सकाळच्या भाकरीने दिली, भाकरीला ज्वारीने आणि ज्वारीला सूर्याने.

डायनॅमो न मिळाल्यास खेळण्यातील लहान मोटार घ्यावी. तिच्या दोन टोकांना लाल रंगाचा लहान एल.ई.डी. दिवा जोडावा आणि आसावर दोरा गुंडाळून तो झटक्याने ओढावा. दिवा क्षणभर लुकलुकतो. न लागल्यास त्याची टोके उलटी जोडून पाहावी.

एक युनिट म्हणजे किती कष्ट?

चौथ्या प्रयोगानंतर मुलांना घरच्या वीजबिलाकडे वळवावे. बिलातील एक युनिट म्हणजे छत्तीस लक्ष जूल. हा आकडा मुलांना काही सांगत नाही; म्हणून तो विहिरीवर न्यावा. दहा लिटर पाण्याची एक बादली दहा मीटर खोल विहिरीतून वर ओढण्यास सुमारे ९८० जूल लागतात. म्हणजे एका युनिटाइतके काम करावयाचे तर सुमारे ३,६७० बादल्या पाणी शेंदावे लागेल. दोराचे व बादलीचे वजन यात धरलेलेच नाही. बिलात ज्याची किंमत थोडक्या रुपयांची दिसते, त्यामागे एवढे कार्य असते. रिकाम्या खोलीत फिरणारा पंखा बंद करण्याचा उपदेश या गणितानंतर वेगळा करावा लागत नाही.

मोठ्या वीजकेंद्रातही सायकलच्या डायनॅमोहून तत्त्वतः निराळे काही नाही. खोपोली येथील जलविद्युत् केंद्र १९१५ साली सुरू झाले. लोणावळ्याच्या परिसरातील तलावांचे पाणी घाटाखाली नळांतून आणून तेथील चक्रे फिरविली गेली आणि ती वीज मुंबईच्या गिरण्यांना मिळाली. कोयनेचे पाणी सह्याद्रीच्या पोटातून बोगद्यांवाटे पश्चिमेकडे नेऊन पोफळी येथील भूमिगत केंद्रात सोडले जाते. त्या प्रकल्पाची वीजनिर्मिती १९६२ साली सुरू झाली. येथे हाताची जागा उंचावरून पडणाऱ्या पाण्याने घेतली आहे. ते पाणी उंचावर नेले ते सूर्याने आणि पावसाने. कोळशाच्या केंद्रात तेच काम वाफ करते. गावात दिवे लागले की केंद्रातील चाक तेवढे जड होते, आणि तेवढे अधिक पाणी वा कोळसा खर्ची पडतो.

या समजुतीचा आणखी एक उपयोग आहे. “इंधनाशिवाय अखंड वीज देणारे यंत्र” म्हणून कोणी एखादी जोडणी दाखवितो : मोटार डायनॅमो फिरविते, डायनॅमो तीच मोटार चालवितो आणि वर दिवेही लागतात, असे सांगण्यात येते. ज्या मुलाने दिवा लागताच पॅडल जड झालेले अनुभवले आहे, तो एकच प्रश्न विचारील : “जमा कोठे आहे?” अशा यंत्रात लपविलेली तार किंवा बॅटरी तरी असते, नाहीतर ते थोड्याच वेळात थांबते. सातवीतील मुलाचा हा एक प्रश्न घरातील मोठ्या माणसांचेही पैसे वाचवू शकेल.

काय करू नये

(१) कोणताही प्रयोग घरातील वा शाळेतील २३० व्होल्टच्या विजेवर करू नये, आणि मुलांसमोर तर कधीच करू नये. शिक्षक कुशल असला तरी पाहणारा मूल असतो.
(२) मोबाइलची किंवा अन्य लिथियम बॅटरी तारेने जोडू नये. ती पेट घेऊ शकते. साधा विजेरीचा सेलच वापरावा.
(३) ट्रान्सफॉर्मर किंवा पुष्कळ वेढ्यांचे लोखंडावरील वेटोळे सेलला जोडून मुलांना “झटका” देण्याचा खेळ करू नये. प्रवाह तोडण्याच्या क्षणी त्यात सेलच्या कितीतरी पट विद्युत्दाब निर्माण होतो.
(४) निओडिमियम चुंबके मोजून द्यावीत आणि मोजून परत घ्यावीत. दोन चुंबके गिळली गेल्यास ती आतड्यांच्या भिंतींतून एकमेकांना ओढतात व आतड्याला भोके पाडतात. असे झाल्याचा संशय आला तरी मुलास विनाविलंब रुग्णालयात न्यावे. बटणाएवढ्या लहान सेलबाबतही हीच तत्परता हवी.
(५) हृदयाला विद्युत्-साधन बसविलेल्या व्यक्तीजवळ ही चुंबके नेऊ नयेत.

नवल आणि नियम

चित्तवेधक प्रयोगांना नाके मुरडण्याचे कारण नाही. फॅरडे यांनी लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशनमध्ये मुलांसाठी होणारी नाताळातील व्याख्यानमाला १८२७ ते १८६० या काळात एकोणीस वेळा गुंफली. प्रत्यक्ष प्रयोग हाच तिचा प्राण होता, आणि त्यांच्या सर्वांत गाजलेल्या व्याख्यानांचा विषय होता साधी मेणबत्ती. मुलांना नवल वाटले पाहिजे. परंतु नवल हा घराचा उंबरठा आहे. मुलांना तेथेच उभे करून शिक्षकाने परत फिरू नये.

आणि मागच्या बाकावरील तो मुलगा? त्याला उत्तर मिळाले पाहिजे, आणि ते दुसऱ्या दिवशी नव्हे, घंटा झाली तरी त्याच क्षणी. उत्तर असे द्यावे : “तुझा प्रश्न उत्तम आहे. विद्युच्चुंबक बैलाएवढे वजन उचलतो. एका शिक्षकाने ते १८३१ साली करून दाखविले. पण बोर्डात तार घातलीस तर खिळ्याचे बळ वाढणार नाही. त्या आखूड तारेतून एकदम शेकडो अँपिअर प्रवाह वाहू पाहील. तार वितळेल, आग लागेल, आणि तार तुझ्या हातात असेल तर तुझा जीव जाईल. फ्यूज उडेल असा भरवसा धरू नकोस. पुष्कळ घरांत त्यात जाड तार घातलेली असते. बोर्डाला हात लावायचा नाही. उद्या मात्र तू शंभर वेढ्यांचे दोनशे वेढे कर, सेल तोच ठेव आणि किती टाचण्या वाढल्या ते मला मोजून सांग.”

एवढे बोलावयास एक मिनिट पुरते. ते मिनिट प्रत्येक पाठात राखून ठेवावे.